कोथिंबिरीचं इनडोअर किट: पैसे कशाला मोजायचे, कशाला नाही

‘खिडकीत ठेवा, पाणी घाला, महिन्याभरात ताजी कोथिंबीर खुडा’ असं छापलेले डबे आता भेटवस्तूंच्या दुकानांपासून ऑनलाइन बाजारापर्यंत सगळीकडे दिसतात. आत बहुधा हेच असतं: टिनाचा किंवा प्लास्टिकचा डबा, कोकोपीटच्या (नारळाच्या काथ्याच्या भुशाच्या) दोन-तीन चकत्या, बियांची पुडी, मूठभर गांडूळखत, नावाची पाटी आणि एक पत्रक. किंमत साधारण तीनशे ते सातशे रुपये. त्याच्या वरच्या पायरीवर चिमट्याच्या दिव्यासकट येणारं किट, आणि त्याहून वर पाण्यावर चालणारी, टेबलावर ठेवायची यंत्रं. या तिन्ही प्रकारांबद्दल हे परीक्षण आहे. ब्रँडची नावं मुद्दाम टाळली आहेत. डब्यावरचं चित्र बदलतं, आतला माल फारसा बदलत नाही.

आधीच सांगून टाकायचं तर, कोथिंबीर घरात नक्की येते. पण ती येण्यासाठी दोन गोष्टी लागतात, खोल भांडं आणि पुरेसा उजेड, आणि स्वस्त किटात नेमक्या याच दोन नसतात. जे दिलेलं असतं (बी, खत, कोकोपीट) ते नर्सरीत आणि वाण्याकडे किरकोळ पैशांत मिळतं.

भांड्यापासून सुरुवात करू. कोथिंबीर गाजराच्या कुळातली. तिचं सोटमूळ सरळ खाली जातं. किटातला डबा आठ-दहा सेंटीमीटर खोल असतो. त्यात तीन आठवडे सगळं छान दिसतं, मग मूळ तळाला टेकतं, वाढ थांबते, खालची पानं पिवळी पडतात आणि रोप वेळेआधीच तुरा काढायच्या तयारीला लागतं. किमान १५ सेंटीमीटर खोली हवी, २० असेल तर उत्तम. रुंदीला ३० बाय १५ सेंटीमीटरचा आयताकृती ट्रे घरापुरता पुरतो. टिनाच्या डब्यांना तर पुष्कळदा तळाला भोकच नसतं. ‘खडे घाला म्हणजे निचरा होईल’ हा पत्रकातला सल्ला चुकीचा आहे: भोक नसेल तर खड्यांत साठलेलं पाणी तिथेच राहतं आणि वरचा थर ओलाच राहतो. खिळा-हातोडीने चार-पाच भोकं पाडा, नाहीतर तो डबा पेनं ठेवायला वापरा.

एका डब्यात उगवून मग मोठ्या कुंडीत लावा, असंही काही पत्रकं सांगतात. सोटमुळाच्या पिकाला हे मानवत नाही. मूळ दुखावलं की रोप आठवडाभर मान टाकून बसतं आणि सावरलं तरी पानांऐवजी दांडा धरतं. जिथे वाढवायचं तिथेच पेरा.

आता बी. एक ग्रॅममध्ये धण्याचे साधारण ७० ते १०० दाणे बसतात, त्यामुळे पुडीत दोन ग्रॅम बी असलं तरी ३० बाय १५ च्या ट्रेला ते पुरतं. तक्रार वजनाची नाही, माहितीची आहे. चांगल्या बियाण्याच्या पाकिटावर उगवणशक्ती टक्क्यांत, तपासणीची तारीख आणि वैधतेची मुदत छापलेली असते. किटातल्या पारदर्शक पुडीवर यातलं काहीच नसेल, तर ते बी किती जुनं आहे हे कळायला मार्ग नाही. अशा वेळी आधी वीस दाणे फोडून ओल्या फडक्यात गुंडाळून ठेवा. दहाव्या दिवशी बारा-तेरा दाण्यांना मोड दिसले तर पेरा. सहा-सात दिसले तर दुसरं बी आणा.

वाण्याकडचे धणे चालतात का? चालतात, नव्या हंगामातले आणि न भाजलेले असतील तर. फक्त ते मसाल्यासाठी निवडलेल्या वाणांचे असतात, त्यामुळे पान थोडं बारीक राहतं आणि फुलोरा लवकर येतो. पानांसाठीचे वाण वेगळे असतात. दापोलीच्या कृषी विद्यापीठाचा ‘कोकण कस्तुरी’ हे त्याचं एक उदाहरण. बियाण्याच्या दुकानात पानाची कोथिंबीर म्हणून मागितलं तर दुकानदार ‘मल्टीकट’ची, म्हणजे पुन्हा पुन्हा खुडता येणारी, पाकिटं पुढे करतो. घरातल्या ट्रेसाठी तीच घ्यावीत.

धण्याचा अख्खा दाणा म्हणजे दोन बिया एकमेकींना चिकटलेल्या. तो फोडून पेरला तर पाणी लवकर आत शिरतं आणि उगवण एकसारखी होते. पोळपाटावर धणे पसरून वाटीच्या बुडाने हलकं दाबत फिरवायचं. दाण्याच्या दोन फोडी व्हायला हव्यात, भरड व्हायला नको. मग आठ ते बारा तास पाण्यात. उन्हाळ्यात चोवीस तास ठेवले तर पाणी आंबतं आणि कोंब कुजतो. एक सावधगिरी मात्र पाळायलाच हवी. पाकिटातलं बी गुलाबी, निळं किंवा हिरवट रंगाचं दिसलं तर त्यावर थायरमसारखं बुरशीनाशक लावलेलं असतं. ते स्वयंपाकाच्या पोळपाटावर फोडू नका, वाटीत भिजवू नका, हात साबणाने धुवा आणि उरलेलं बी चुकूनही धण्याच्या डब्यात जाऊ देऊ नका. भेट म्हणून दिल्या जाणाऱ्या, लहान मुलांच्या हातात पडणाऱ्या किटांत असं रंगीत बी कुठलीही सूचना न देता भरलेलं असतं, तेव्हा त्या किटाला गुण द्यायचा प्रश्नच येत नाही.

कोकोपीटबद्दल पत्रकात एक ओळ असते, ‘कोमट पाण्यात फुगवा’. त्यापुढची ओळ गाळलेली असते: धुवा. नारळाच्या काथ्यात सोडियम आणि पोटॅशियमचे क्षार असतात आणि स्वस्त चकत्या न धुतलेल्याच वाळवून दाबलेल्या असतात. धुतलेल्या मालावर ‘लो ईसी’, म्हणजे कमी क्षारांचं, असं लिहिलेलं असतं. तसं नसेल तर फुगवलेलं कोकोपीट कापडात घेऊन दोन-तीन पाण्यांतून पिळून काढा. पहिलं पाणी चहासारखं तांबूस निघेल, तिसरं बरंच फिकट. न धुता पेरलं तर रोपं उगवतात, पण पानांची टोकं करपतात आणि दोन पानांवरच अडकून बसतात. विकत घ्यायचंच तर ६५० ग्रॅमची वीट घ्या. साडेतीन-चार लिटर पाण्यात ती फुगून आठ-नऊ लिटर होते, म्हणजे आपला एक ट्रे भरून थोडं उरतं.

शिवाय कोकोपीट म्हणजे खत नव्हे. त्यात रोपाला खायला जवळजवळ काही नसतं. निम्मं कोकोपीट, तीस टक्के चाळलेलं गांडूळखत आणि वीस टक्के परलाइट (निचऱ्यासाठीचे हलके, पांढरे दाणे) किंवा जाडसर वाळू, असं मिश्रण घरात चांगलं चालतं. किटातल्या मूठभर खतावर रोपं तीन आठवडे निघतात. नंतर पानं फिकट होऊ लागली की १९:१९:१९ (नत्र, स्फुरद, पालाश सारख्या प्रमाणात) हे विद्राव्य खत लिटरला एक ग्रॅम या प्रमाणात दर आठ-दहा दिवसांनी द्यावं. जास्त नको. नत्र जास्त झालं की पान मोठं होतं, पण मऊ आणि बेचव.

पेरताना दाणा एक ते दीड सेंटीमीटर खोल, दोन दाण्यांत दीड-दोन सेंटीमीटर अंतर. उजेड पडू नये म्हणून वर वर्तमानपत्राचा कागद. २० ते २५ अंश तापमानात सात ते दहा दिवसांत कोंब दिसतात. तिशीच्या वर उगवण मंदावते आणि विरळ होते, म्हणूनच एप्रिल-मेमध्ये आणि ऑक्टोबरच्या उकाड्यात ‘बी खराब निघालं’ अशा तक्रारींचा पूर येतो. त्या दिवसांत ट्रे घरातल्या सर्वांत थंड जागी, फरशीवर ठेवावा. मोड येईपर्यंत उजेडाची गरजच नाही. काही किटांत प्लास्टिकचं झाकण येतं. ते कोंब दिसल्या दिवशी काढायचं. पत्रकात ‘दोन आठवडे झाकून ठेवा’ असेल तर ते ऐकू नका. दमट, कोंडलेल्या हवेत कोवळी रोपं बुंध्याशी बारीक, काळपट होऊन एका रात्रीत आडवी पडतात. ही मर बुरशीमुळे येते, आणि एकदा आडवं पडलेलं रोप उठत नाही. आजूबाजूची रोपं वाचवायची तर पाणी थांबवा, वारा लागू द्या आणि पडलेली रोपं मातीसकट चमच्याने काढून टाका.

खरी गोम उजेडात आहे. डोळ्यांना जो लख्ख उजेड वाटतो, तो रोपाला पुरेसा नसतो. उजेड लक्समध्ये मोजतात: ट्यूबलाइटच्या खोलीत दीडशे ते तीनशे लक्स उजेड असतो, ऊन न येणाऱ्या खिडकीच्या कट्ट्यावर दोन ते पाच हजार, आणि उघड्या उन्हात पन्नास हजारांच्या वर. कोथिंबिरीला घरात रोज बारा तास दहा ते पंधरा हजार लक्स मिळाले तर ती ठेंगणी आणि गर्द होते. मोबाइलवर लक्स मोजायचं फुकट अ‍ॅप टाका, फोन ट्रेच्या जागी खिडकीकडे तोंड करून धरा. आकडा अचूक नसतो, पण दोन हजार की वीस हजार एवढं कळायला पुरतो. आकडा पाच हजारांच्या आत असेल आणि दिवा घ्यायचा नसेल, तर किट घेऊच नका. रोपं लांबुळकी, पांढुरक्या देठाची होतील आणि पंधरवड्यात एकमेकांवर रेलतील.

‘दक्षिणेकडची खिडकी निवडा’ हे पत्रकातलं आणखी एक वाक्य. लंडनच्या किंवा टोरांटोच्या मराठी घरात ते बरोबर आहे. महाराष्ट्रात आणि गोव्यात ते फक्त थंडीत खरं ठरतं. हिवाळ्यात सूर्य दक्षिणेला कलतो आणि ऊन आत शिरतं. मेच्या मध्यात मुंबईत तो दुपारी थेट डोक्यावर असतो आणि जूनमध्ये तर किंचित उत्तरेला, तेव्हा दक्षिणेच्या खिडकीत कवडसाही पडत नाही. वर्षभरासाठी पूर्वेची खिडकी चांगली, सकाळचं तीन-चार तासांचं ऊन कोथिंबिरीला मानवतं. पश्चिमेची उन्हाळ्यात कुंडी तापवते. डासांची जाळी आणि रंगीत काच दोन्ही असतील तर मोजमाप त्यांच्या आतूनच घ्या, कारण बाहेरच्या उजेडाचा मोठा हिस्सा तिथेच अडतो. स्वयंपाकघरात गॅसजवळची खिडकी टाळा. वाफ आणि फोडणीचा तेलकट थर पानांवर बसतो.

दिव्यासकट मिळणाऱ्या किटांकडे येऊ. खोक्यावर ४५ वॅट, ८० वॅट असे आकडे असतात आणि खाली यूएसबीची वायर लोंबत असते. साधा हिशेब करा: ५ व्होल्ट गुणिले २ अँपिअर म्हणजे १० वॅट. अशा पिनेतून त्याहून जास्त वीज येतच नाही, म्हणजे खोक्यावरचा आकडा शोभेचा. दहा वॅटचा एक चिमटादिवा वीतभर व्यासाच्या एका कुंडीला पुरतो. जांभळा उजेड देणारे दिवे काम करतात, पण त्याखाली पान पिवळं आहे की हिरवं हे दिसत नाही आणि बैठकीच्या खोलीत तो रंग दोन दिवसांत नकोसा होतो. पांढरा, ४००० ते ६५०० केल्विनचा घ्या. घेताना टायमर तपासा. स्वस्त रिमोटवर बारा तासांनी दिवा बंद होतो, पण दुसऱ्या दिवशी आपोआप लागत नाही. जे लागतात, त्यांतलेही बरेच वीज गेली की सगळं विसरतात. जिथे रोज भारनियमन आहे तिथे भिंतीतल्या सॉकेटला लावायचा यांत्रिक, चकतीचा टायमर जास्त भरवशाचा. वीज गेली तेवढा वेळ तो मागे पडतो, पण विसरत नाही.

याहून स्वस्त आणि चांगला पर्याय इलेक्ट्रिकच्या दुकानात आहे. दोन फुटी, १० वॅटच्या दोन साध्या पांढऱ्या एलईडी बॅटन (ट्यूबलाइटसारख्या पट्ट्या) शेजारी शेजारी फळीच्या खालच्या बाजूला लावा आणि ट्रे असा ठेवा की रोपांची टोकं दिव्यापासून १०-१२ सेंटीमीटरवर येतील. तिथे दहा हजार लक्सच्या आसपास उजेड मिळतो. हेच अंतर ३० सेंटीमीटर केलं की आकडा निम्म्याच्याही खाली जातो. म्हणून दिवा वर नेण्याऐवजी ट्रेखाली विटा किंवा जुनी पुस्तकं ठेवून सुरुवात करा आणि रोपं वाढतील तसा एकेक थर काढा. रोज बारा तास लावले तर महिन्याला सात युनिटांच्या आसपास वीज जाते. चौदा-सोळा तास लावायचा मोह होतो, पण दिवस मोठा झाला की कोथिंबीर फुलोऱ्याकडे वळते. बडीशेपेसारखी बारीक, चिरलेली पानं दिसू लागली की ती पानं देण्याचं काम संपवते आहे असं समजा. दांडा खुडून फार तर आठवडा मिळतो.

पाणी घालण्याबद्दल एवढंच: रोज ठरलेल्या वेळी घालू नका. ट्रे उचलून पाहा, हलका लागला तर तो परातीत तीन-चार सेंटीमीटर पाण्यात पंधरा मिनिटं ठेवा, मग उचलून निथळू द्या आणि परातीतलं पाणी ओतून टाका. वरचा थर असा कोरडा राहिला की चिलटंही होत नाहीत. ओल्या कोकोपीटवर घिरट्या घालणारी ती काळी चिलटं अंडी तिथेच घालतात. झालीच तर पिवळे चिकट सापळे लावून पाणी कमी करायचं. पानांखाली मावा दिसला तर पाण्याच्या जोरदार फवाऱ्याने धुणं पुरतं. खायच्या कोवळ्या पानांवर औषधं मारायची गरज घरात सहसा पडत नाही. स्वतः पाणी ओढणाऱ्या, वातीच्या कुंड्या काही किटांत मिळतात. मोठ्या रोपांना त्या सोयीच्या आहेत, पण उगवणीच्या काळात खालची टाकी रिकामी ठेवा, नाहीतर कोकोपीट सतत चिंब राहतं आणि मर येते.

पाण्यावर चालणारी यंत्रं तीन हजारांपासून पुढे मिळतात. बारा खाचा, स्पंजाच्या गुंड्या, छोटा पंप, वर २० ते २४ वॅटचा दिवा. कोथिंबीर यात मातीपेक्षा आठवडाभर आधी खुडायला येते आणि पान स्वच्छ निघतं, निवडायची कटकट नाही, हे मान्य करायलाच हवं. पण ही यंत्रं तुळस, पुदिना, लेट्यूस यांना जास्त शोभतात. ही पिकं एका रोपातून महिनोन् महिने पानं देतात. कोथिंबीर दीड-दोन महिन्यांत आटोपते, मग पुन्हा नवे स्पंज, नवं द्रावण. प्रत्येक खाचेत चार-पाच फोडलेले दाणे घालावे लागतात, एक-दोन घातले तर हाती काही लागत नाही. द्रावणाचा ईसी (विरघळलेल्या क्षारांचं माप) १.२ ते १.८ आणि पीएच (आम्लतेचं माप) ५.८ ते ६.५ मध्ये ठेवायचा, पाणी दहा-चौदा दिवसांनी बदलायचं. बोअरच्या जड पाण्यात मुळातच क्षार जास्त असतात, तिथे ईसीचा आकडा खत घालण्याआधीच निम्म्यावर पोचलेला असतो. आरओचं पाणी वापरलं तर कॅल्शियम-मॅग्नेशियम असलेलं द्रावण घ्यावं लागतं. आणि विदर्भ-मराठवाड्याच्या उन्हाळ्यात टाकीतलं पाणी सहज तिशी गाठतं. पंचविशीच्या वर गेलं की मुळं तपकिरी, बुळबुळीत होऊन वास मारू लागतात. एसीच्या खोलीत ठेवणार नसाल तर मार्च ते जून हे यंत्र बंदच ठेवलेलं बरं.

आता हाती किती पडतं ते पाहू. ३० बाय १५ चा नीट वाढलेला ट्रे ३५ ते ४५ दिवसांत पहिल्या खुडणीला ८० ते १०० ग्रॅम देतो. बाहेरची पानं देठासकट खुडायची, मधला शेंडा आणि खालचे तीन-चार सेंटीमीटर सोडायचे. दुसरी खुडणी दोन-अडीच आठवड्यांनी, पहिलीच्या निम्मी. तिसरीची वाट पाहू नका. बाजारातली जुडी दहा रुपयाला असते तेव्हा हा सगळा खटाटोप व्यवहारात बसत नाही. पावसाळ्यात किंवा मे महिन्यात जुडी पन्नास-साठच्या घरात जाते आणि अर्धी कुजकी निघते, तेव्हा बसतो. रोज पोह्यांवर, आमटीवर भुरभुरायला चिमूटभर हवी असणाऱ्या दोघा-तिघांच्या घराला पंधरा दिवसांच्या अंतराने पेरलेले तीन ट्रे पुरतात. कोथिंबीर वड्या करायच्या असतील तर मंडईच गाठावी.

म्हणून खरेदीचा सल्ला असा. कुणाला भेट द्यायची असेल आणि बी रंगवलेलं नसेल तर तीनशेचं किट द्या, सोबत १५ सेंटीमीटर खोल कुंडीही द्या. स्वतःसाठी घेत असाल तर किट सोडा. ट्रे, कोकोपीटची वीट, दोन किलो गांडूळखत, पानाच्या कोथिंबिरीचं तारीख छापलेलं पाकीट आणि दोन बॅटन एवढं सगळं मधल्या किमतीच्या दिवेवाल्या किटापेक्षा फार महाग पडत नाही आणि पुढची दोन-तीन वर्षं चालतं. पूर्वेचं ऊन असेल तर बॅटनचाही खर्च वाचतो. यंत्र घ्यायचंच असेल तर दिव्याची दांडी रोपांच्या वर किमान ३० सेंटीमीटर चढते का आणि सुटे स्पंज इथे मिळतात का, हे विचारून घ्या.

पीक संपल्यावर ट्रेमधलं कोकोपीट फेकू नका. मुळं उपटून काढा, एकदा भरपूर पाण्याने धुऊन क्षार वाहू द्या, दोन-तीन कडक उन्हं दाखवा आणि एक तृतीयांश नवं गांडूळखत मिसळा. लगेच पुन्हा कोथिंबीर किंवा शेपू न पेरता मधे एकदा मेथी घ्या. तिला एवढी खोली आणि एवढा उजेड पुरून उरतो, आणि ती तीन आठवड्यांत काढायला येते.